रुग्णाची हकीकत

काही वर्षांपूर्वी, वैशाखातल्या एका सकाळी दांडिया बाजारातील एक साठीच्या काकू माझ्या दवाखान्यात आल्या. खुर्चीवर टेकताच त्यांनी सुरुवात केली, "डॉक्टर, यंदा कुरडया घालायला गच्चीवर गेले ना, तर..." बाहेर बाकावर वीस-बावीस रुग्ण ताटकळत होते. मी त्यांना थांबवले आणि म्हटले, "काकू, दुखतं कुठे ते आधी सांगा." त्यांनी निमूटपणे पोटाच्या वरच्या भागावर हात ठेवला. जळजळ होते का? होते. ढेकर येतात का? येतात. डॉक्टरांचा मान राखण्यासाठी कोणीही 'हो' म्हणावे, असेच ते प्रश्न होते. पित्ताच्या गोळ्या लिहून दिल्या आणि पुढचा रुग्ण आत बोलावला.

नवव्या दिवशी हृदयविकाराचा झटका येऊन त्या एका रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागात दाखल झाल्या. सुदैवाने वाचल्या. मी भेटायला गेलो तेव्हा त्यांनी तेच वाक्य पुन्हा सुरू केले आणि या वेळी मी ते पूर्ण होऊ दिले. शिजवलेल्या चिकाचे पातेले घेऊन गच्चीचा जिना चढताना सातव्या-आठव्या पायरीवर छातीखाली दाटून येई. पातेले कठड्यावर टेकवून घटकाभर उभे राहिले की निवळे. उतरताना काहीच होत नसे. पुढे पुढे ते तिसऱ्या-चौथ्या पायरीवरच होऊ लागले, तेव्हा त्यांनी पातेले सुनेच्या हाती दिले. तीस वर्षांत प्रथमच घरच्या कुरडया दुसऱ्या कोणी घातल्या. श्रमाने येणारी, विश्रांतीने जाणारी आणि दिवसेंदिवस वाढणारी वेदना! पाठ्यपुस्तकातील वर्णन याहून वेगळे ते काय असते? 'छातीत दुखते' एवढे दोन शब्द काय ते त्या हकीकतीत नव्हते, आणि मी नेमकी त्यांचीच वाट पाहत होतो.

काकूंनी मला बोल लावला नाही. "तुम्हाला घाई होती," एवढेच म्हणाल्या. बोल लावला असता तर बरे झाले असते.

आपल्या शिक्षणात रुग्णाची तक्रार त्याच्याच शब्दांत लिहावी, असे पहिल्याच धड्यात सांगितलेले असते. परंतु पदवी हाती येईपर्यंत आपण मनातल्या मनात भाषांतर करायला शिकतो आणि मूळ शब्द केसपेपरवर उतरतच नाही. मराठी माणसाजवळ वेदनेसाठी किती शब्द आहेत! ठणका नाडीच्या ठोक्याबरोबर उडतो. तो ऐकताच पू झाल्याची शंका यावी. कळ येते आणि ओसरते. चमक क्षणात निघून जाते, उसण कंबरेत भरते, रग लागते ती थकलेल्या स्नायूंना. या साऱ्यांसाठी आपण 'पेन' असा एकच शब्द लिहितो. येथे बडोद्यात तर गुजराती रुग्णाची 'गभरामण' आहेच. तीत धडधड असते, घाम असतो, श्वास अपुरा पडणे असते, आणि कधी कधी मुलीचे लग्न जमत नसल्याची काळजीही असते. यांपैकी आज कोणती, हे पुढची चार वाक्ये ऐकल्यावाचून कळण्याचा मार्ग नाही.

हे केवळ भावनेच्या भरात लिहितो आहे, असे व्यवसायबंधूंना वाटू नये. 1975 साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत 80 नव्या बाह्यरुग्णांपैकी 66 जणांचे निदान, पाठवणाऱ्या डॉक्टरांचे पत्र वाचून आणि रुग्णाची हकीकत ऐकून झाले होते, आणि तेच शेवटी कायम राहिले. बेकमन आणि फ्रँकेल यांनी 1984 साली अमेरिकेत 74 भेटी अभ्यासल्या. रुग्ण बोलू लागल्यावर सरासरी 18 सेकंदांत डॉक्टर त्याला अडवीत, असे त्यांना आढळले. मग न अडवल्यास रुग्ण किती बोलतो? स्वित्झर्लंडमधील एका बाह्यरुग्ण विभागाने 335 रुग्णांबाबत हे मोजून 2002 साली प्रसिद्ध केले. सरासरी 92 सेकंद. शंभरातील अठ्ठ्याहत्तर जण दोन मिनिटांच्या आत आपणहून थांबले, आणि पाच मिनिटांपेक्षा अधिक बोलणारे सगळे मिळून सातच निघाले. आपल्याकडे आकडे थोडे वेगळे येतील. आपली माणसे गोष्टीवेल्हाळ आहेत, हे मला मान्य आहे. तरीही ज्या पाल्हाळाला आपण एवढे भितो तो प्रत्यक्षात बहुधा दोन-तीन मिनिटांचाच असतो.

रुग्ण सांगतो ते सारे खरे असते, असा माझा दावा नाही. पावसात भिजल्याने खोकला धरला, असे सांगणाऱ्याच्या छातीत क्षय निघतो. मद्य घेणारा प्याले मोजताना निम्म्यावर येतो. हे तपासणे आपले कामच आहे. परंतु हकीकतीतले कारण चुकीचे असले तरी तीत रुग्णाची भीती असते, आणि त्याने आजाराचा काय अर्थ लावला आहे तेही असते. आर्थर क्लाइनमन या मानसोपचारतज्ज्ञांनी 1988 साली आजारांच्या हकीकतींवर एक ग्रंथ लिहिला. त्यात त्यांनी वैद्याला दिसणारा रोग आणि रुग्णाने भोगलेले आजारपण यांत भेद केला आहे. मला तो भेद एका आजोबांनी शिकवला. त्यांची रक्तातील साखर दर उन्हाळ्यात हटकून वाढे. दर उन्हाळ्यात मी त्यांना आंब्यावरून बोले आणि ते मान डोलावून जात. एकदा मी न रागावता विचारले, तेव्हा ते म्हणाले, "घरात आमरस झाला की सगळ्यांच्या पानात वाटी येते. मला 'घेता का' असं कोणी विचारतसुद्धा नाही. मी जणू पंगतीत नाहीच." म्हणून ते बाजारात जाऊन उभ्याने रसाचा पेला पीत. आम्ही त्या दिवशी सुनेला बोलावून अर्धी वाटी रस आणि एक पोळी कमी, असा हिशेब ठरवला. साखर पुरती ताब्यात आली असे म्हणणार नाही, पण बाजारातला पेला सुटला.

आणखी एक गोष्ट मला खटकते. रुग्ण बाई असेल तर तिची हकीकत बहुतेक वेळा नवरा, सासू किंवा मुलगा सांगतो. "तिला नीट सांगता येत नाही," असे म्हणून तो सुरू करतो आणि आपणही त्याच्याकडेच पाहून लिहू लागतो. काळजीपोटीच हे घडते, हे खरे. पण त्या वेळी बाईच्या चेहऱ्याकडे पाहावे. तिला सांगायची असते ती गोष्ट अनेकदा निराळीच असते, आणि नातलगांना दोन मिनिटे बाहेर बसवल्याशिवाय ती बाहेर पडत नाही.

2019 पासून वैद्यकीय पदवीच्या अभ्यासक्रमात वर्तन, नीती आणि संवाद यांसाठी स्वतंत्र तास ठेवले आहेत, हे चांगले झाले. परंतु विद्यार्थी शेवटी वर्गापेक्षा आपल्याकडे पाहूनच शिकतो. आणि आपल्यापैकी अनेकांचे डोळे आता संगणकाच्या पडद्यावर असतात. तिथले रकानेही 'वेदना : आहे / नाही' असे विचारतात. गच्चीच्या जिन्यासाठी त्यात जागा नाही.

मी स्वतःपुरता एक नियम केला आहे. रुग्ण बसला की पेन खाली ठेवायचे, "सांगा" म्हणायचे आणि तो थांबेपर्यंत दुसरा प्रश्न विचारायचा नाही. ताप-सर्दीच्या दिवसांत हा नियम मोडतो, हेही कबूल करतो. काकू अजून दर तीन महिन्यांनी येतात. मागच्या खेपेला त्यांनी नातवाच्या मुंजीपासून सुरुवात केली. मांडव, आहेर, भिक्षावळ असे सारे झाले, आणि मग कळले की त्या गडबडीत त्यांच्या रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या सहा दिवस राहून गेल्या होत्या. माझ्या कंपाउंडरला मात्र ही पद्धत अजून मान्य नाही. तो मधूनमधून दार किलकिले करून भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहतो.