तडजोड पैशांची करा, हक्कांची नको

गणपती झाले की पेण, हमरापूर, जोहे भागातल्या मूर्ती कारखान्यांत उधारीचे हिशेब निघतात. मूर्ती गेल्या, पैसे अडकले. तिकडे रोह्यात धाटाव एमआयडीसीत छोटे ठेकेदार थकलेल्या बिलांसाठी खेपा घालतात. या धंद्यांत आपली मुलेही उतरत आहेत. पैसे थकले की त्यांना दोनच वाटा सांगितल्या जातात : सोडून दे, नाहीतर कोर्टात वर्षे काढ. तिसरी वाट कायद्यातच आहे.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ नुसार दोन्ही पक्षांनी लेखी, सहीनिशी केलेली कायदेशीर तडजोड न्यायालय नोंदवून घेते आणि तसा हुकूमनामा देते. तो नुसता तोंडी शब्द राहत नाही. समोरच्याने पैसे बुडवले तर नवा दावा लागत नाही. थेट दरखास्त करता येते, तीही बारा वर्षांपर्यंत. लोकअदालतीच्या निवाड्यालाही हेच बळ आहे. शिवाय भरलेली कोर्ट फी परत मिळते.

व्यापारी वाद तीन लाख किंवा त्याहून अधिक रकमेचा असेल तर २०१५ चा वाणिज्य न्यायालये कायदा लागू होतो. तातडीचा मनाई हुकूम मागायचा नसेल, तर दाव्याआधी मध्यस्थीचा प्रयत्न करावाच लागतो. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशन प्रकरणात हे बंधनकारक ठरवले.

पण धोका इथेच आहे. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील नाही. न्यायालय तडजोड कायदेशीर आहे का ते पाहते, ती तुमच्या फायद्याची आहे का हे पाहणे तुमचे काम. समजा, येणे चार लाख आहे आणि समोरचा तीन लाखांत मिटवू म्हणतो. एकरकमी असेल तर विचार करा. हप्त्यांनी असेल तर तारखा, व्याज आणि 'एक हप्ता चुकला तर पूर्ण चार लाख देणे' ही अट पुरसिसमध्ये लिहून घ्या. वाचल्याशिवाय सही करू नका.

वकील परवडत नाही, म्हणून पडेल ती रक्कम घेणारे पुष्कळ आहेत. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार अनुसूचित जातीच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मागता येतो. अनुसूचित जातींतून बौद्ध झालेल्यांना १९९० च्या दुरुस्तीने तो दर्जा मिळाला आहे. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करायचा असतो.

आणखी एक सापळा ओळखा. 'पैसे देतो, ॲट्रॉसिटीची तक्रार मागे घे' असा सौदा आला तर थांबा. थकबाकी हा दिवाणी वाद आहे, अत्याचार हा गुन्हा आहे. तो आपसात मिटवण्याची मुभा कायद्याने दिलेली नाही.

याच जिल्ह्यात महाडच्या चवदार तळ्याचा दावा १९२७ ला सुरू झाला आणि १७ मार्च १९३७ ला मुंबई उच्च न्यायालयाच्या निकालाने संपला. बाबासाहेब दहा वर्षे लढले, कारण पाण्याचा हक्क निम्मा-निम्मा वाटून घेता येत नाही. उधारीचे तसे नसते. तिथे चार पैसे सोडून धंदा वाचवणे हा शहाणपणा असू शकतो. कुठे सोडायचे आणि कुठे नाही, हे कार्यकर्त्यांनी आधी स्वतः शिकावे आणि मग विहारात बसून तरुणांना समजावून सांगावे.

जय भीम.