जयणा घरातील रोपांची



बँकेतून सेवानिवृत्त झालो त्या संध्याकाळी निरोप समारंभातील पुष्पगुच्छ घरी आले. त्यांत मोठ्या पांढऱ्या लिलीच्या फुलांचा एक होता. सौभाग्यवतीने तो फुलदाणीत घालून दिवाणखान्यात ठेवला. आमच्या चंद्रपूरच्या घराला लागूनच बंधूंचे धान्याचे दुकान आहे. गोदामात उंदरांसाठी विष ठेवायचे नाही, हा वडिलांचा दंडक. एक मांजरी मात्र आपण होऊन आमच्याकडे राहिली होती आणि तिच्या नुसत्या वावराने उंदीर पोत्यांकडे फिरकत नसत.

दुसऱ्या दिवशी तिच्या पाठीवर केशरी पराग दिसले. नातीने ते कौतुकाने दाखविले; आम्हीही हसलो. मांजरीने सवयीप्रमाणे अंग चाटून स्वच्छ केले. रात्री तिला उलट्या झाल्या, तिने अन्न सोडले. उन्हाचा त्रास असेल असे समजून आम्ही दूध पुढे ठेवले व वाट पाहिली. तिसऱ्या दिवशी पशुवैद्यांकडे नेले, तेव्हा तिची मूत्रपिंडे निकामी झाली होती. ती वाचली नाही.

खरी लिली आणि डे-लिली यांची पाने, फुले, पराग, इतकेच नव्हे तर फुलदाणीतील पाणीदेखील मांजरीच्या मूत्रपिंडांना घातक असते. कुत्र्याला त्याच फुलाने सहसा पोटाच्या त्रासापलीकडे काही होत नाही. या विषावर उतारा नाही. साधारणतः 18 तासांच्या आत शिरेतून सलाईन सुरू झाले तर जीव वाचण्याची आशा असते. आम्ही दोन दिवस दवडले.

नावाने फसगत होते, हेही ध्यानात घ्यावे. पीस लिली ही खरी लिली नव्हे. ती, मनीप्लँट, फिलोडेंड्रॉन आणि डिफेनबेकिया यांच्यात कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक असतात. कच्च्या अळूने घसा खवखवतो, तो याच स्फटिकांमुळे. मांजरीने ही पाने चावल्यास तोंडाची आग होते, लाळ गळते. मात्र प्राणावर क्वचितच बेतते. कण्हेर व पानफुटी यांचे विष हृदयावर, तर सायकसचे यकृतावर आघात करते. सायकसच्या बिया सर्वाधिक विषारी असतात.

आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या रानात पावसाळ्यात कळलावी फुलते. लाल-पिवळ्या ज्वाळांसारख्या तिच्या फुलांना भुलून कोणी कंद आणून कुंडीत लावतात. त्या वेलीतील कोल्चिसिन मांजरीलाच नव्हे, माणसालाही मारक आहे. ती रानातच शोभते. घरासाठी अरेका पाम, स्पायडर प्लँट, गुलाब, मोगरा अशी निर्धोक रोपे आहेत.

मांजरीने विषारी पान खाल्ल्याची शंका येताच पानाचा तुकडा किंवा छायाचित्र घेऊन पशुवैद्यांकडे जावे. अंगावर पराग असल्यास तिने चाटण्यापूर्वी ओल्या फडक्याने पुसावेत. मिठाचे पाणी पाजून उलटी करविण्याचा उपाय मुळीच करू नये; तेच मीठ मांजरीला बाधते.

आपण पाणी गाळून पितो, धान्य निवडून घेतो, चातुर्मासात पाऊलही जपून टाकतो. उंदरांना विष न घालणाऱ्या माझ्या घरात एका जिवाला विष मिळाले, ते सन्मानाच्या पुष्पगुच्छातून. हेतू निर्मळ होता. परंतु जयणा नव्हती. आयुष्यभर इतरांच्या हिशेबातील चुका शोधणाऱ्या मला घरातील ही चूक दिसली नाही. आता कोणी पुष्पगुच्छ दिला की तो उंबरठ्याबाहेर ठेवून नात प्रथम विचारते, ‘आजोबा, यात लिली तर नाही ना?’ तिचा हा प्रश्न आपल्याही घरी विचारला जावा, एवढीच विनंती.