कटाचा आरोपी आणि पडद्यावरचा कामगार

ब्रिटनमध्ये रिकी टॉमलिन्सन हे नाव घरोघर ठाऊक झाले ते बीबीसीच्या 'द रॉइल फॅमिली' (१९९८) ह्या मालिकेतील जिम रॉइलमुळे. खुर्चीत रुतलेला, दूरदर्शन संचासमोरून न हलणारा, सदैव कुरकुरणारा बाप त्यांनी असा रंगवला की ह्या चरित्रनटाचे पूर्वायुष्य विसरले जावे. ते विसरता कामा नये.

१९३९ साली जन्मलेले टॉमलिन्सन लिव्हरपूलचे. पेशा भिंतींना गिलावा करण्याचा. १९७२ च्या उन्हाळ्यात तेथील बांधकाम कामगारांनी पहिला देशव्यापी संप केला. मागणी होती ३५ तासांच्या आठवड्यास ३० पौंड वेतनाची आणि 'लंप' पद्धत बंद करण्याची. लंप म्हणजे मजुराला कागदोपत्री स्वतंत्र ठेकेदार ठरवून एकरकमी मजुरी देणे. पुस्तकी अर्थशास्त्र ह्याला श्रमबाजाराची लवचिकता म्हणते. प्रत्यक्षात विमा नाही, रजेचा पगार नाही, आणि परांचीवरून पडलेल्याची जबाबदारी कोणावरच नाही. मजूरनाक्यावर उभा राहणारा बिगारी ज्यांनी पाहिला आहे, त्यांना अधिक सांगणे नको.

६ सप्टेंबर १९७२ रोजी संपकऱ्यांनी श्रूसबरी परिसरातील बांधकामांवर निदर्शने केली. त्या दिवशी पोलिसांनी एकालाही अटक केली नाही. अटका झाल्या पाच महिन्यांनी, आणि आरोप आला धमकावण्याच्या कटाचा. ह्यातली खोच अशी की धमकावण्याच्या मूळ गुन्ह्याला १८७५ च्या कायद्यात फार तर तीन महिन्यांची कैद होती. 'कट' म्हटले की शिक्षेला मर्यादा उरत नव्हती. ह्या शब्दाची करामत मुंबईच्या गिरणी कामगारांनी मीरत खटल्यात (१९२९-३३) आधीच पाहिली होती. डिसेंबर १९७३ मध्ये डेस वॉरन ह्यांना तीन, तर टॉमलिन्सन ह्यांना दोन वर्षांची शिक्षा झाली. दोघांनीही तुरुंगाचे कपडे नाकारले. टॉमलिन्सन तरुणपणी काही काळ वंशद्वेष्ट्या नॅशनल फ्रंटमध्ये होते, हे त्यांनी स्वतःच मान्य केले आहे. ते झाकून मूर्ती उभारण्याचे कारण नाही. त्यांचे विचार पालटले ते पुढे, तुरुंगवासात.

सुटकेनंतर मालकवर्गाने त्यांना बांधकामावर उभे राहू दिले नाही. मग अभिनय आला. येथे एक गोष्ट नीट पाहिली पाहिजे: ही दारे खुल्या बाजाराने उघडली नाहीत. १९८१ साली बीबीसीने प्रक्षेपित केलेल्या जिम ॲलन ह्यांच्या 'युनायटेड किंगडम' ह्या नाटकात ते दिसले. १९८२ मध्ये चॅनल फोर ही सार्वजनिक मालकीची वाहिनी सुरू झाली आणि पहिल्याच रात्री 'ब्रुकसाइड' मालिकेत ते कामगार पुढारी बॉबी ग्रँट म्हणून उभे राहिले. केन लोच ह्यांच्या 'रिफ-रॅफ' (१९९१) मध्ये तर ते पुन्हा बांधकामावरच होते.

बॉबी ग्रँटची पत्नी स्यू जॉन्स्टन होत्या. जिम रॉइलचीही त्याच. सोळा वर्षांत त्याच जोडप्याच्या घरातून संघटना नाहीशी झाली, उरला दूरदर्शन संच. विनोद उत्तम होता, पण थॅचरबाईंच्या कारकिर्दीचा जमाखर्च त्यातच होता.

२३ मार्च २०२१ रोजी अपील न्यायालयाने टॉमलिन्सन ह्यांच्यासह चौदा जणांची दोषसिद्धी रद्द केली. साक्षीदारांचे मूळ जबाब नष्ट करण्यात आले होते आणि ही गोष्ट बचाव पक्षापासून लपवली गेली होती. हे उघड करणारा कागद मोहिमेच्या संशोधक आयलीन टर्नबुल ह्यांनी सरकारी दप्तरातूनच शोधून काढला. डेस वॉरन २००४ सालीच वारले होते.