अर्जातली चूक सुधारता येते, पण वेळेत!

खरिपाच्या बैठकीला गावात गेलो की बियाण्याचे प्रश्न कमी आणि जमिनीचे जास्त निघतात. पनवेल तालुक्यात याचं नवल नाही. मध्यंतरी एका आजोबांनी मला कागद दाखवला. म्हणाले, "साहेब, अर्जात नुसत्या जमिनीचा वाढीव मोबदला मागितला. आंब्याची झाडं आन् विहीर लिहायची राह्यली. आता गेलं का सगळं?"

गेलं नाही. पण हे नीट समजून घ्या.

३ फेब्रुवारी १९७० रोजी नवी मुंबईसाठी भूसंपादनाची अधिसूचना निघाली. तेव्हा १८९४ चा कायदा लागू होता. त्यात एक मोठी मेख होती. शेतकऱ्याने जेवढा आकडा मागितला, त्यापेक्षा जास्त रक्कम न्यायालयाला देता येत नसे. भाव ठाऊक नसलेल्या माणसाने भीत भीत कमी आकडा लिहिला, की तीच त्याची कमाल मर्यादा. २४ सप्टेंबर १९८४ पासून ही अट गेली. भूसंपादन अधिकाऱ्याने दिलेल्या रकमेपेक्षा न्यायालयाने कमी देऊ नये, एवढंच बंधन राहिलं.

तरीही वाद चालूच राहिले. अखेर २०११ साली आपल्याच रायगड जिल्ह्यातल्या एका कुटुंबाच्या अपिलावर सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. पहिल्या अर्जात रक्कम लिहिलीच पाहिजे असं नाही, मागणी नंतर दुरुस्तीने वाढवता येते, आणि अर्जात फक्त जमीन लिहिली असली तरी झाडं, विहीर यांचा वाढीव मोबदला न्यायालयापुढे मागता येतो, असा त्याचा सारांश. मात्र जमिनीची किंमत झाडांच्या उत्पन्नावरून काढली असेल, तर त्याच झाडांचे पैसे पुन्हा वेगळे मिळत नाहीत.

भाऊबंदकीच्या, वाटणीच्या, वहिवाटीच्या दाव्यांचा नियम वेगळा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ६, नियम १७ खाली दावा किंवा कैफियत दुरुस्त करता येते. खरा वाद मिटायला जी दुरुस्ती लागते आणि जिच्याने समोरच्यावर अन्याय होत नाही, ती द्यावी, असं मुंबई उच्च न्यायालयाने १९०९ मध्येच म्हटलं आहे. पण १ जुलै २००२ पासून एक अट आली. सुनावणी सुरू झाल्यावर दुरुस्ती हवी असेल, तर पुरेशी काळजी घेऊनही हा मुद्दा आधी मांडता आला नाही, हे न्यायालयाला पटवावं लागतं. साक्षीचं प्रतिज्ञापत्र दाखल झालं की सुनावणी सुरू झाली असं धरतात. "वकिलांनी लिहिलं, मी सही केली" एवढ्याने भागत नाही बरं का! आणि परवानगी मिळाल्यावरही ठरवून दिलेल्या मुदतीत, मुदत दिली नसेल तर १४ दिवसांत, कागदावर दुरुस्ती करून घ्यावी लागते.

आता मुख्य गोष्ट. मजकूर दुरुस्त होतो, पण हुकलेली मुदत तशी दुरुस्त होत नाही. २०१३ च्या कायद्याखाली संपादन असेल, तर निवाड्याच्या वेळी हजर असलेल्याने ६ आठवड्यांत अर्ज करायचा. हजर नसेल, तर नोटीस मिळाल्यापासून ६ आठवडे किंवा निवाड्यापासून ६ महिने, यातली जी मुदत आधी संपेल ती. उशीर माफ करण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे, पण तोही मर्यादित आणि सबळ कारण असेल तरच. म्हणून आकड्यासाठी अडून बसू नका, आधी अर्ज द्या. राष्ट्रीय महामार्गासाठी जमीन जात असेल तर वाट लवादाकडची आहे, हेही विसरू नका. आणि थेट खरेदीच्या करारावर सही केलीत, तर वाढीव मोबदल्याची ही वाट सहसा उरत नाही.

आमच्या खात्याच्या बाजूने एक सांगतो. दुरुस्ती मंजूर झाली तरी पुरावा लागतोच. संयुक्त मोजणीच्या दिवशी शेतावर हजर राहा. प्रत्येक झाडाची जात, वय, फळ धरतं की नाही, हे पंचनाम्यात लिहून घ्या. पटलं नाही तर तिथेच लेखी हरकत द्या. ई-पीक पाहणीत फळझाडं आणि विहीर नोंदवा. सातबाऱ्यावरचा हिस्सा क्रमांक अर्जाशी ताडून पाहा. झाडं तोडून रस्ता झाल्यावर तिथे कलमं होती हे कशावरून दाखवणार?

शासनाकडूनही एक अपेक्षा आहे. निवाड्यासोबत जमीन, झाडं, विहीर, बांधकाम असा बाबवार तक्ता सोप्या मराठीत शेतकऱ्याच्या हातात द्यावा. छापील नमुना दुसऱ्याकडून भरून घ्यावा लागतो, म्हणूनच निम्म्या गोष्टी राहून जातात आणि मग दुरुस्तीसाठी हेलपाटे पडतात.

त्या आजोबांना मी एवढंच सांगितलं, "बाबा, अर्ज मुदतीत दिलाय ना? मग उद्याच वकिलांना गाठा. पेरणी आठ दिवस पुढे गेली तर चालेल, हे काम नको."