‘बळी’चे स्मरण

हट्ट्यासारख्या गावात चोरी झाली की संशयाची नजर आजही प्रथम गावाबाहेरच्या पालांकडे वळते. पुरावा मागाहून शोधला जातो. इंग्रज सरकारने १८७१ साली या संशयाला कायद्याचे रूप दिले आणि जमातीच्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरविल्या. हट्टा हे गाव तेव्हा निजामाच्या राज्यात होते. परंतु ही वृत्ती सरहद्दीवर थांबली नाही.

या कायद्याखालील सोलापूरच्या वसाहतीत १९३७ च्या सुमारास एक सुशिक्षित स्त्री नोकरीवर रुजू झाली. बाळूताई खरे, म्हणजेच पुढील काळातील मालतीबाई बेडेकर. १९३३ साली ‘विभावरी शिरूरकर’ या टोपणनावाने त्यांचा ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह निघाला होता. सुशिक्षित अविवाहित मुलींची घुसमट त्यात इतक्या निर्भीडपणे मांडली होती की पांढरपेशा समाजात वादळ उठले. आशयापेक्षा लेखक कोण याचीच चौकशी अधिक झाली! पाठोपाठ आलेल्या ‘हिंदोळ्यावर’ या कादंबरीने तर विवाहबाह्य सहजीवनाचा प्रश्न उभा केला.

आपल्याकडे मालतीबाईंची ओळख बहुधा येथेच संपते. मध्यमवर्गीय स्त्रीचे दुःख सांगणारी लेखिका, असा शिक्का मारून समीक्षक मोकळे होतात. ही ओळख खोटी नाही, पण अपुरी आहे. सोलापूरला त्यांनी सुमारे तीन वर्षे काटेरी तारेच्या आतील जीवन पाहिले, आणि त्या अनुभवातून १९५० साली ‘बळी’ ही कादंबरी प्रसिद्ध झाली. सुधारणेच्या नावाखाली माणसांना कोंडणारी राज्यसंस्था मराठी कादंबरीत इतक्या जवळून क्वचितच आली असेल. स्वतः त्या यंत्रणेत नोकरी केलेल्या लेखिकेने हे लिहावे, याचे मोल विशेष आहे.

१९५२ साली तो कायदा रद्द झाला, जमाती ‘विमुक्त’ म्हणविल्या गेल्या. परंतु १९५९ साली मुंबई राज्यात सराईत गुन्हेगारांविषयीचा कायदा आलाच. संशयाला नवा आधार मिळाला.

सत्तेविषयीची ही सावधता मालतीबाईंनी उतारवयातही सोडली नाही. साहित्यव्यवहारातील सरकारी हस्तक्षेपाच्या निषेधार्थ १९८१ साली मुंबईत समांतर साहित्य संमेलन भरले, तेव्हा पंचाहत्तरी ओलांडलेल्या मालतीबाई त्याच्या अध्यक्ष होत्या. २००१ साली त्यांचे निधन झाले.

मराठवाड्यातील कार्यकर्त्यांनी आपल्या अभ्यासवर्गांत ‘बळी’चे वाचन ठेवावे, आणि ते पालांवरील तरुणांसमवेत ठेवावे.