जोडव्याखालची जखम

आपल्या जिल्ह्यातील खामगावला 'रजतनगरी' म्हणतात. त्यामुळे दवाखान्यातही चांदीच्या शंका निघतात. "जोडवी काळी पडली, अंगात रोग तर नाही ना?" एका आजींनी नुकतेच विचारले. नाही. हवेतील व घामातील गंधकयुक्त घटकांमुळे चांदीवर काळा थर बसतो, इतकेच. लॅटिन 'अर्जेंटम'वरून 'एजी' ही संज्ञा लाभलेल्या या धातूची १०७ व १०९ ही दोन्ही नैसर्गिक समस्थानिके स्थिर आहेत. किरणोत्साराचेही भय नाही.

मला चिंता वाटली ती निराळीच. आजींना कित्येक वर्षांचा मधुमेह. सुजलेल्या बोटात जोडवे रुतून खाली जखम चिघळली होती, आणि त्यांना वेदनाच नव्हती! मधुमेहात पायांची संवेदना बोथट होते. जोडवे कापावे लागले. "सौभाग्याचं लेणं हो, डॉक्टर," म्हणत त्या रडल्या; मलाही कातर चालवणे जड गेले.

आपल्या घरी मधुमेही आई, आजी असतील, तर रोज रात्री त्यांचे पाय पुसताना जोडवे सरकवून खालची त्वचा अवश्य पाहावी. सूज दिसताच सोनाराकडून ते सैल करून घ्यावे. रुतलेले जोडवे मात्र घरी ओढू नये. त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे.