साडेआठ हजार हस्तांदोलने

न्यूयॉर्कच्या स्वच्छता खात्यातील साडेआठ हजार कामगारांपैकी प्रत्येकाशी हस्तांदोलन करावयाचे आणि ‘हे शहर जिवंत ठेवल्याबद्दल आभार’ एवढेच म्हणावयाचे, असा उपक्रम मर्ल लॅडरमन युकेलीस या कलावतीने जुलै १९७९ ते जून १९८० या काळात तडीस नेला. याला कला म्हणावयाचे काय, असा प्रश्न जाणत्या वाचकासही पडेल.

या बाईंचा विचार मात्र लहरी नव्हता. १९६९ साली, नुकतेच मातृत्व आले असता, त्यांनी एक जाहीरनामा लिहिला. धुणी, झाडलोट, संगोपन ही आज केली तरी उद्या पुन्हा करावी लागणारी कामे. तीच माझी कला, असे त्यात प्रतिपादन होते. १९७३ साली हार्टफर्डच्या संग्रहालयाच्या पायऱ्या त्यांनी स्वतः धुतल्या. १९७७ पासून त्या स्वच्छता खात्याच्या निवासी कलावंत झाल्या, अर्थात बिनपगारी!

१९७५ च्या सुमारास न्यूयॉर्क दिवाळखोरीच्या उंबरठ्यावर होते; कामगारकपात झाली होती. अशा वेळी कोरड्या आभारांनी कोणाचे पोट भरणार, हा आक्षेप रास्तच आहे. तथापि युकेलीसबाईंनी आभारांना वेतनाचा पर्याय म्हटले नव्हते. आमच्या मते या उपक्रमाचे मर्म त्याच्या संख्येत आहे. आपल्याकडील सत्कारात एक प्रतिनिधी व्यासपीठावर येतो, शाल-श्रीफळ स्वीकारतो आणि बाकीचे टाळ्या वाजवून कामावर जातात. येथे प्रतिनिधी कोणीच नव्हता. बाई शहराच्या साऱ्या विभागांत हिंडल्या, पहाटेच्या हजेरीला उभ्या राहिल्या, कामगारांमागून चालत त्यांच्या हालचाली त्यांनी रस्त्यावर करून दाखविल्या. अकरा महिन्यांचा हा खटाटोप कोणाही एका प्रेक्षकाला सबंध पाहता येणे शक्य नव्हते. पुढे १९८३ साली त्यांनी कचरागाडीला आरसे बसविले, म्हणजे कचरा कोणाचा ते नागरिकांस दिसावे. ही कल्पना चतुर खरी, पण हस्तांदोलनाची सर तिला नाही.

ज्या देशात सफाईचे काम जन्मावरून वाटले गेले, तेथे या स्पर्शाचा अर्थ वेगळा सांगावयास नको. हाताने मैला उपसण्याची प्रथा बंद करणारे कायदे १९९३ व २०१३ साली झाले. तरी गटारात उतरून माणसे मरतच आहेत.

कामगारांनी युकेलीसबाईंना आपली दुःखेही सांगितली. एकजण दमून एका घराच्या पायरीवर टेकला असता घरमालकिणीने, इथे दुर्गंधी नको, म्हणून त्याला हुसकावले होते. ते शब्द तो वर्षानुवर्षे विसरू शकला नव्हता. १९८४ च्या प्रदर्शनात बाईंनी कामगारांना मिळालेली असली सारी दूषणे दर्शनी काचेवर रंगविली आणि निरनिराळ्या क्षेत्रांतील निमंत्रितांकडून ती धुऊन घेतली.